एव्हा पेरॉन : जिचा आजार तिच्यापासूनच लपवला गेला



महिन्याच्या पहिल्या शुक्रवारी आजाऱ्यांना ख्रिस्तशरीर देण्यासाठी मी घरोघरी जातो. एक अनुभव मला पुन्हा पुन्हा येतो. घरात पाऊल टाकण्याआधीच मुलगा किंवा सून मला ओटीवर गाठते आणि हळू आवाजात बजावते, की आईला कॅन्सर आहे, पण तिला ते सांगितलेले नाही, तेव्हा फादरांनी आत तो शब्द काढू नये. मी आत जातो. आई माझा हात धरते. तिच्या डोळ्यांकडे पाहिले की कळते, तिला सारे ठाऊक आहे. मग आम्ही दोघेही पावसाबद्दल आणि नातवंडांच्या शाळेबद्दल बोलतो.

अशा घरातून बाहेर पडताना मला एका बाईची आठवण येते. ती आपल्यासारखीच कॅथलिक होती, जगभर प्रसिद्ध होती, एका मोठ्या देशाच्या राष्ट्राध्यक्षांची पत्नी होती. गर्भाशयाच्या मुखाच्या कर्करोगाने ती वयाच्या अवघ्या 33 व्या वर्षी गेली. तिला काय झाले आहे हे तिच्या नवऱ्याला, डॉक्टरांना आणि मंत्र्यांना माहीत होते. तिला मात्र कोणी सांगितले नाही. तिचे नाव एव्हा पेरॉन. तिच्या देशातले लोक तिला लाडाने एव्हिटा म्हणत. त्या नावाचा सिनेमा 1996 साली आला होता, तो काहींनी पाहिला असेल. पण सिनेमात गाणी जास्त आणि आजार कमी. या रविवारी तिची खरी कहाणी सांगतो.

एव्हाचा जन्म 7 मे 1919 रोजी अर्जेंटिनातील लॉस टोल्डोस या खेड्यात झाला. आई हुआना इबार्गुरेन, वडील हुआन दुआर्ते. वडील शेतजमिनीचा कारभार पाहणारे, बऱ्यापैकी पैशाचे गृहस्थ. मात्र त्यांची लग्नाची बायको व मुले चिव्हिलकॉय गावी होती. हुआना ही त्यांची दुसरी, लग्नाविना केलेली संगत. तिला झालेल्या पाच मुलांत एव्हा सर्वांत धाकटी. 1926 साली वडील अपघातात वारले. आई पाचही मुलांना काळे कपडे घालून अंत्यविधीला घेऊन गेली, पण त्या घराने त्यांना दारातच अडवले. बऱ्याच विनवण्यांनंतर शवपेटीजवळ घटकाभर उभे राहू दिले, आणि मग कबरस्तानापर्यंत मागे मागे चालण्याची परवानगी मिळाली. एव्हा तेव्हा सहा वर्षांची होती. आपल्याकडे अशा मुलांना लोक काय काय बोलतात हे मी वेगळे सांगायला नको. मुलांचा त्यात काय दोष असतो, हा प्रश्न त्या गावातल्या चर्चमध्ये रविवारी येणाऱ्या मंडळींनाही पडला नव्हता.

पुढे आई शिवणकाम करून मुलांना वाढवू लागली. कुटुंब हुनीन या शहरात गेले. 1935 साली, वयाच्या पंधराव्या वर्षी, नटी होण्याचे स्वप्न घेऊन एव्हा राजधानी ब्युनोस आयर्सला आली. नाटकात लहानसहान कामे, सिनेमात त्याहून लहान. पोटाला चिमटा काढून काढलेली ती वर्षे होती. अखेर रेडिओने तिला हात दिला. रेडिओवरील श्रुतिकांतून तिचा आवाज घराघरांत पोहोचला आणि चार पैसे मिळू लागले.

जानेवारी 1944 मध्ये सान हुआन शहरात भयंकर भूकंप झाला, हजारो माणसे मेली. भूकंपग्रस्तांच्या मदतीसाठी राजधानीत कलाकारांचा मोठा कार्यक्रम झाला. तेथे तिची कर्नल हुआन पेरॉन यांच्याशी गाठ पडली. ते तेव्हा सरकारात कामगार खात्याचे प्रमुख होते, विधुर होते आणि तिच्याहून चोवीस वर्षांनी मोठे होते. ऑक्टोबर 1945 मध्ये त्यांनी सरकारी दप्तरात लग्न केले आणि डिसेंबरमध्ये ला प्लाता शहरात चर्चमध्ये. 1946 साली पेरॉन राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आले. वडिलांच्या अंत्यविधीला दारात अडवलेली मुलगी राष्ट्राध्यक्षांच्या प्रासादात राहायला गेली.

1947 साली ती युरोपच्या दौऱ्यावर गेली. व्हॅटिकनमध्ये पोप पायस बारावे यांनी तिला भेट दिली आणि एक रोझरी दिली. परतल्यावर त्याच वर्षी अर्जेंटिनात स्त्रियांना मतदानाचा हक्क देणारा कायदा झाला, त्यामागे तिचा मोठा रेटा होता. 1948 मध्ये तिने स्वतःच्या नावाची संस्था काढली. संस्थेने शाळा, वृद्धाश्रम, एकट्या बायकांसाठी निवारे, परिचारिकांची शाळा आणि मोठाली इस्पितळे बांधली. रोज दुपारपासून रात्री उशिरापर्यंत ती गरिबांना स्वतः भेटत असे. कोणाला शिलाई मशीन हवे, कोणाला घर, कोणाला नुसताच खोकल्यावर औषध. त्वचारोग झालेल्या, अंगावर जखमा असलेल्या माणसांनाही ती जवळ घेई, चुंबन देई. सोबतचे लोक संसर्गाच्या भीतीने मागे ओढू लागले तर रागावत असे. हे दिखाव्यासाठी होते असे तिचे विरोधक म्हणत. तसे असेलही थोडेफार. पण रोज दहा-दहा तास, वर्षानुवर्षे, दिखावा म्हणून कोणी करेल असे मला वाटत नाही.

तिची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. संस्थेला पैसा देण्यासाठी कारखानदारांवर दडपण आणले जाई. विरोधकांना तुरुंगात टाकले गेले. टीका करणारे एक जुने वर्तमानपत्र 1951 साली सरकारने ताब्यात घेतले. एव्हा या कारभाराच्या मध्यभागी होती. तिच्या मृत्यूनंतर काही कामगार संघटनांनी तिला संतपद मिळावे म्हणून रोमला विनंती केली आणि ख्रिस्तसभेने नम्रपणे नकार दिला. 2019 सालीही कामगार महासंघाने अशीच मागणी ब्युनोस आयर्सच्या आर्चबिशपांकडे केली. ती संत होती की नाही हा या लेखाचा विषय नाही. मला तिच्या शरीराविषयी बोलायचे आहे.

9 जानेवारी 1950 रोजी टॅक्सीचालकांच्या संघटनेच्या कार्यक्रमात ती बेशुद्ध पडली. डॉक्टरांनी अपेंडिक्सचे निदान केले आणि तीन दिवसांनी ऑपरेशन झाले. ते करणारे डॉक्टर इव्हानिसेविच हे सर्जन होते आणि त्याच वेळी देशाचे शिक्षणमंत्रीही. तेव्हाच आपल्याला गर्भाशयाच्या आजाराची शंका आली होती, पुढील तपासण्या सुचवल्या होत्या आणि एव्हाने त्या धुडकावल्या, असे त्यांनी नंतर सांगितले. सगळे चरित्रकार हे जसेच्या तसे मान्य करत नाहीत. मात्र एवढे नक्की, की पुढचे दीड वर्ष ती अशक्त होत गेली, रक्त कमी होत गेले, आणि तिने कामाचे तास कमी केले नाहीत. डॉक्टरांचा विषय काढला की ती चिडत असे. आपल्याला राजकारणातून बाजूला काढण्याचा हा डाव आहे अशी शंका तिला येई.

मला येथे एक गोष्ट फार खटकते. एव्हाच्या संस्थेने मुलांच्या फुटबॉल स्पर्धा भरवल्या होत्या. खेळणाऱ्या प्रत्येक मुलाची आधी वैद्यकीय तपासणी होई. ज्या गरीब मुलांनी डॉक्टर कधी पाहिला नव्हता, त्यांचे छुपे आजार त्यामुळे उघड झाले. 1951 साली तिच्या नावाची आरोग्य रेल्वेगाडी देशभर फिरली. दूरच्या गावांतील लोकांना त्या गाडीत एक्स-रे काढून मिळत, औषधे मिळत, लशी मिळत. लाखोंची तपासणी करवणारी ही बाई स्वतःच्या तपासणीला मात्र तयार नव्हती. आपल्या आयादेखील अशाच असतात. घरातल्या सगळ्यांना दवाखान्यात नेतात, स्वतःचे दुखणे मात्र पदराखाली झाकून ठेवतात.

1951 च्या निवडणुकीत तिने उपराष्ट्राध्यक्षपद लढवावे असा लोकांचा आग्रह होता. 22 ऑगस्टला राजधानीत प्रचंड सभा झाली. लोक होकार मागत राहिले, ती वेळ मागत राहिली. 31 ऑगस्टला तिने रेडिओवरून उमेदवारी नाकारली. लष्कराचा विरोध हे मोठे कारण होते. पण त्या दिवसांतच तिचा रक्तस्राव आणि वेदना इतक्या वाढल्या, की तपासणी टाळणे अशक्य झाले. गर्भाशयाच्या मुखाचा तुकडा काढून बायॉप्सी झाली आणि उत्तर आले, कर्करोग.

बायॉप्सी हा शब्द आपण सर्वांनी ऐकलेला आहे, पण त्याचा अर्थ पुष्कळांना नीट माहीत नसतो, म्हणून थोडे थांबतो. ही माहिती मी धर्मगुरू म्हणून नव्हे, तर कॅन्सरच्या रुग्णांजवळ बसून आणि डॉक्टर मित्रांना विचारून मिळवली आहे. गर्भाशयाचे मुख तपासताना डॉक्टर त्यावर व्हिनेगरसारखे सौम्य ॲसिड लावतात. बिघडलेला भाग पांढरा दिसू लागतो. मग मोठे करून दाखवणाऱ्या भिंगातून, ज्याला कॉल्पोस्कोप म्हणतात, तो भाग पाहून तांदळाच्या दाण्याएवढा तुकडा काढला जातो. गरज पडली तर आतल्या नळीतील पेशी खरवडून घेतात, किंवा भूल देऊन शंकूच्या आकाराचा जरा मोठा तुकडा काढतात. तो तुकडा मेणात बसवून, कागदाहून कितीतरी पातळ काप करून, रंग देऊन पॅथॉलॉजिस्ट सूक्ष्मदर्शकाखाली पाहतात. कर्करोग आहे की नाही, असला तर कोणत्या जातीचा, याचे खात्रीचे उत्तर तेथेच मिळते. पॅप टेस्ट नावाची साधी चाचणी फक्त संशय सांगते. निदान बायॉप्सीच करते.

तुकडा काढला, सुई लावली की कॅन्सर अंगभर पसरतो, असा समज आपल्या भागात घट्ट बसलेला आहे. या एका भीतीने मी बायकांना महिनोन्महिने घरी बसलेले पाहिले आहे. गर्भाशयाच्या मुखाच्या बायॉप्सीने रोग पसरत नाही. तो पसरतो वाट पाहण्याने. बायॉप्सीनंतर आजार वाढलेला दिसतो तो बहुधा यामुळे, की बायॉप्सीच उशिरा केलेली असते.

आता दुसरा प्रश्न, रोग किती दूर गेला आहे हा. तो बायॉप्सीच्या त्या दाण्यावरून कळत नाही. पायात काटा रुतून पिकला की जांघेत अवधाण येते, हे आपल्या आज्यांना डॉक्टरांच्या आधीपासून माहीत आहे. ते अवधाण म्हणजेच सुजलेली लसीका ग्रंथी. शरीरात अशा शेकडो ग्रंथी चौकीदारासारख्या बसलेल्या असतात. गर्भाशयाच्या मुखाचा कर्करोग बाहेर पडतो तेव्हा बहुधा आधी ओटीपोटातील ग्रंथींत जातो, मग पाठीच्या कण्यालगत वर चढतो. या ग्रंथी खोल असतात, हाताला लागत नाहीत. ग्रंथी सुजली म्हणजे कर्करोगच असेही नाही, आणि सुजली नाही म्हणून निर्धास्त राहावे असेही नाही, कारण रोगाच्या थोड्याशा पेशी मुकाट्याने आत बसलेल्या असू शकतात. म्हणून आज एमआरआय, सीटी किंवा पेट स्कॅन करतात, संशयित ग्रंथीतून सुईने पेशी काढतात, अथवा ऑपरेशनमध्ये ग्रंथी काढून सूक्ष्मदर्शकाखाली तपासतात. काही ठिकाणी रंगद्रव्य टोचून ते सर्वांत आधी ज्या ग्रंथीत पोहोचते, तीच नेमकी काढून पाहतात. हा अहवाल महत्त्वाचा असतो, कारण ऑपरेशन करायचे की रेडिएशन व औषधे द्यायची, हे बरेचसे त्यावर ठरते. 2018 पर्यंत जगभरच्या स्त्रीरोगतज्ज्ञांच्या नियमांत या कर्करोगाची पायरी ठरवताना ग्रंथींचा विचारच होत नसे. त्या वर्षी नियम बदलले आणि ग्रंथींत रोग सापडला तर तो तिसऱ्या पायरीचा धरला जाऊ लागला.

1951 साली यातले फारच थोडे उपलब्ध होते. स्कॅन नव्हते. रुग्णाला भूल देऊन डॉक्टर हाताने चाचपून पाहत आणि अंदाज करत. व्हिएन्नाचे डॉ. वेर्टहाइम यांनी 1898 पासून गर्भाशय आणि भोवतालचा भाग काढण्याचे मोठे ऑपरेशन रूढ केले होते. बोस्टनचे डॉ. मेग्ज यांनी 1940 च्या दशकात त्याला ओटीपोटातील ग्रंथी नीट काढण्याची जोड दिली. एव्हावर उपचार करायला उत्तम सर्जन हवा म्हणून न्यूयॉर्कच्या मेमोरियल हॉस्पिटलचे डॉ. जॉर्ज पॅक यांना गुपचूप बोलावण्यात आले. ऑपरेशनआधी तिला रेडियमचे उपचार दिले गेले. लोकांना सांगितले गेले, की एव्हाला तीव्र रक्तक्षय झाला आहे. तिलाही आजाराचे नाव सांगितले नाही.

6 नोव्हेंबर 1951. जागा, राजधानीलगतच्या अव्हेयानेदा येथील इस्पितळ, तिच्याच संस्थेने गरिबांसाठी बांधलेले. तिची समजूत होती, की देशातले नामवंत सर्जन डॉ. फिनोकिएत्तो तिचे ऑपरेशन करणार आहेत. ती भूल देऊन झोपल्यावर डॉ. पॅक खोलीत आले, त्यांनी ऑपरेशन केले आणि ती शुद्धीवर येण्याआधी निघून गेले. ज्या माणसाचे हात आपल्या शरीरात फिरले त्याचे नाव तिला मरेपर्यंत कळले नाही. जगालाही ही हकिगत पुष्कळ वर्षांनी नीटपणे कळली.

पाच दिवसांनी, 11 नोव्हेंबरला, देशात निवडणूक झाली. अर्जेंटिनाच्या बायका राष्ट्रीय निवडणुकीत प्रथमच मत देत होत्या. इस्पितळात तिच्या खाटेजवळ मतपेटी आणली गेली. उशीवर टेकलेली, चेहरा उतरलेली एव्हा मत टाकते आहे असा फोटो आहे; तो मी पाहिला आहे. त्या निवडणुकीत 23 स्त्रिया खालच्या सभागृहात आणि 6 वरच्या सभागृहात निवडून आल्या. ज्या बाईने लाखो बायकांना देशाच्या कारभारात मत मिळवून दिले, तिला स्वतःच्या शरीराच्या कारभारात मत नव्हते.

काही महिन्यांतच आजार परतला. म्हणजे ऑपरेशनच्या वेळीच तो काढलेल्या भागाच्या पलीकडे गेलेला होता. 1952 च्या सुरुवातीला तिला नायट्रोजन मस्टर्ड हे औषध देण्यात आले. कर्करोगावर औषध टोचण्याची पद्धत तेव्हा अगदी नवी होती आणि ते घेणाऱ्या अर्जेंटिनातील पहिल्या रुग्णांपैकी ती एक होती. उपयोग झाला नाही. 1 मे रोजी तिने प्रासादाच्या सज्जातून शेवटचे भाषण केले, पेरॉन तिला धरून उभे होते. 7 मे रोजी तिचा 33 वा वाढदिवस झाला. संसदेने तिला राष्ट्राची आध्यात्मिक नेता अशी पदवी दिली. 4 जूनला पेरॉन यांचा दुसरा शपथविधी होता. कडाक्याची थंडी होती, कारण तिकडे जून म्हणजे हिवाळा. वेदनाशामक औषधांच्या आधारावर, फरचा जाड कोट घालून, ती उघड्या मोटारीत नवऱ्याशेजारी उभी राहून हात हलवत गेली. तेव्हा तिचे वजन चाळीस किलोही नव्हते.

तिच्या कवटीचे जुने एक्स-रे तपासून एका मेंदूशल्यचिकित्सकाने 2011 च्या सुमारास असे मांडले, की अखेरच्या काळात वेदना कमी करण्यासाठी तिच्या मेंदूवरही शस्त्रक्रिया झाली असावी. सर्वांना हे पटलेले नाही. खरे असेल तर तेही तिला विचारून केले होते का, हा प्रश्न उरतोच.

तिचे आध्यात्मिक सल्लागार येशूसंघीय धर्मगुरू फादर एर्नान बेनिटेझ हे होते. शेवटच्या काळात ते तिच्याजवळ येत-जात होते. मी त्यांच्या जागी स्वतःला उभे करून पाहतो. सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना आम्ही यावर तासन् तास वाद घातला होता. संत आगस्तीन यांच्या मते कोणतेही खोटे बोलणे पापच, मग ते कितीही चांगल्या हेतूने असो. संत थॉमस अक्वायनस त्यांच्याशी सहमत आहेत, पण सत्य शहाणपणाने झाकून ठेवणे आणि खोटे बोलणे यांत ते फरक करतात. वर्गात हा फरक सोपा वाटला होता. आजाऱ्याच्या खोलीत तो तितका सोपा नाही. रुग्णाने विचारलेच नाही तर सारे सांगण्याची सक्ती नाही, हे मला पटते. काहींना हळूहळू, एकेक घोट पाण्यासारखे सत्य द्यावे लागते. पण रुग्ण विचारत असताना घरच्यांनी एकमताने रचलेले नाटक हे शहाणपणाने झाकणे नव्हे. त्या नाटकात सर्वांत एकटा पडतो तो रुग्णच. त्याला भीती बोलून दाखवता येत नाही, कोणाची क्षमा मागता येत नाही, जमिनीचे कागद नीट करता येत नाहीत, लेकीला जवळ बसवून जे सांगायचे ते सांगता येत नाही. पुष्कळ घरांत तर फादर आले म्हणजे आईला कळेल, या भीतीने तैलाभ्यंगासाठी मला बोलावतच नाहीत. बोलावतात तेव्हा ती बेशुद्ध असते. रुग्णाभ्यंग हा फक्त मरणाऱ्यांचा संस्कार नाही, हे मी किती वेळा सांगितले असेल याची मोजदाद नाही.

एव्हाला कळले होते का? जवळच्यांच्या आठवणी वाचल्या तर वाटते, कळले होते. अखेरच्या महिन्यांत अंथरुणावरून तिने आपले विचार सांगून लिहून घेतले, इच्छापत्र केले. जी बाई मरणार नाही असे समजते ती घाईने हे करत नाही. मग दोन्हीकडून नाटक चालले होते असे म्हणावे लागते.

1952 साली नवऱ्याला सर्व सांगून बायकोला काहीच न सांगणे हे अर्जेंटिनातच नव्हे, अमेरिकेतही रूढ होते. त्यामुळे एकट्या पेरॉन यांना दोष देणे बरोबर नाही. पण त्यांच्या बाबतीत आणखी एक दुःखद गोष्ट आहे. त्यांची पहिली पत्नी आउरेलिया हीदेखील 1938 साली गर्भाशयाच्या कर्करोगाने तरुणपणी वारली होती. तेव्हा कोणालाही माहीत नव्हते, की गर्भाशयाच्या मुखाचा कर्करोग बहुतेक वेळा एचपीव्ही नावाच्या विषाणूमुळे होतो. जर्मनीचे डॉ. हाराल्ड त्सुर हाउसेन यांनी 1980 च्या दशकात ते दाखवून दिले आणि 2008 साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. हा विषाणू अतिशय सर्वसामान्य आहे. पती किंवा पत्नी कोणाच्याही शरीरात तो वर्षानुवर्षे लक्षण न दाखवता राहू शकतो आणि बहुतेकांच्या शरीरातून आपोआप जातो. म्हणून हा आजार झालेल्या बाईच्या चारित्र्याविषयी कुजबुज करणे हे अज्ञान तर आहेच, पापही आहे. आपल्या धर्मग्रामात अशी कुजबुज माझ्या कानावर आली आहे, म्हणून लिहितो.

आपल्याच राज्यात, तेव्हाच्या उस्मानाबाद आणि आताच्या धाराशिव जिल्ह्यात, 30 ते 59 वर्षांच्या सव्वा लाखाहून अधिक स्त्रियांचा अभ्यास झाला. 2009 साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या निष्कर्षांप्रमाणे आयुष्यात एकदाच एचपीव्ही चाचणी आणि संशय आल्यास लगेच पुढील तपासणी व उपचार केल्याने या कर्करोगाचे मृत्यू जवळपास निम्म्यावर आले. मुंबईच्या झोपडपट्ट्यांत आरोग्यसेविकांनी व्हिनेगरसारखे ॲसिड लावून केलेल्या तपासणीने मृत्यू सुमारे 31 टक्क्यांनी घटले. तेव्हा पाळी गेल्यावर पुन्हा रक्त दिसणे, दोन पाळ्यांच्या मध्ये किंवा शरीरसंबंधानंतर रक्त जाणे, दुर्गंधीयुक्त पाणी जाणे, यांतले काही असेल तर बहिणींनो, लाजू नका, शिबिराची वाट पाहू नका, स्त्रीरोगतज्ज्ञांकडे जा. आणि काहीच होत नसले तरी तिशीनंतर तपासणी करून घ्या. नवरे मंडळींनी सोबत जावे. अहवाल आला की डॉक्टरांना तो ज्याचा आहे त्याच्यासमोर सांगू द्यावा.

26 जुलै 1952 रोजी रात्री एव्हाचे निधन झाले. लाखो लोक पावसात रांगा लावून दर्शनाला उभे राहिले. पोप फ्रान्सिस त्या वेळी ब्युनोस आयर्समध्येच राहणारे पंधरा वर्षांचे शाळकरी होते. विरोधकांपैकी काहींनी मात्र तिच्या कर्करोगाचा जयजयकार भिंतींवर लिहिला होता असे सांगतात. माणूस द्वेषाने किती खाली उतरू शकतो, त्याचा हा नमुना.

तिच्या देहाला मरणानंतरही विश्रांती मिळाली नाही. डॉ. पेद्रो आरा यांनी तो रसायने भरून टिकवला. पुढे पेरॉन आणि ख्रिस्तसभा यांच्यात वितुष्ट आले, जून 1955 मध्ये राजधानीतील चर्च जाळली गेली आणि सप्टेंबरमध्ये लष्कराने पेरॉन यांना हाकलले. नव्या सत्ताधाऱ्यांना तिच्या शवाचीही भीती वाटली. त्यांनी ते पळवून इकडे तिकडे लपवले आणि 1957 साली इटलीत मिलान शहराच्या कबरस्तानात दुसऱ्याच बाईच्या खोट्या नावाने पुरले. या कामात काही चर्चच्या मंडळींनीही मदत केली होती. 1971 साली तो देह पेरॉन यांना माद्रिदमध्ये परत मिळाला, 1974 साली अर्जेंटिनात आला. ऑक्टोबर 1976 पासून तो ब्युनोस आयर्सच्या रेकोलेता कबरस्तानात, जमिनीत खोलवर, मजबूत पोलादी झाकणांखाली आहे. त्या कबरीच्या दारावर पेरॉन हे आडनाव नाही. तेथे दुआर्ते कुटुंब असे कोरलेले आहे.